सीलबंद पाकीट आणि घेवड्याचं शेत

मिशिगन राज्यातलं डेक्स्टर हे लहानसं गाव. १९५३ साली तिथे मायलो रादुलोविच नावाचा २६ वर्षांचा तरुण बायको-मुलांसह राहत होता. अमेरिकी हवाई दलात हवामानाचे अंदाज बांधण्याचं काम करून तो बाहेर पडला होता. राखीव दलात लेफ्टनंट म्हणून त्याचं नाव होतं आणि आता तो मिशिगन विद्यापीठात शिकत होता. त्या वर्षीच्या ऑगस्टमध्ये हवाई दलाची माणसं पत्र घेऊन त्याच्या दारात उभी राहिली. तुम्ही देशाच्या सुरक्षेला धोका आहात, राजीनामा द्या, नाही तर चौकशीला सामोरे जा, असा त्या पत्राचा मथितार्थ. त्याच्या स्वतःच्या निष्ठेबद्दल एक अवाक्षरही त्यात नव्हतं. वडील सर्बियन भाषेतलं एक डावं वृत्तपत्र घेतात, बहीण डाव्या चळवळीत वावरते आणि या दोघांशी तुमचे जवळचे संबंध आहेत, एवढाच आरोप होता.

जवळचे संबंध! बापाशी आणि बहिणीशी.

चौकशी झाली. वकिलाने पुरावा मागितला, तेव्हा मंडळाने एक सीलबंद पाकीट दाखवलं. पुरावा त्यात आहे, पण ते उघडता येणार नाही. आरोप कोणी केला, हे कळणार नाही. साक्षीदार समोर येणार नाहीत. ते पाकीट अखेरपर्यंत बंदच राहिलं आणि मंडळाने तरुणाला दलातून काढून टाकण्याची शिफारस केली. सीलबंद पाकिटं आपल्याही न्यायालयांत अलीकडे पुष्कळ गाजली, त्यामुळे मराठी वाचकाला त्या खोलीतली हवा वेगळी समजावून सांगायला नको.

डेट्रॉइटच्या एका वर्तमानपत्रात ही बातमी आली. तिचं कात्रण न्यूयॉर्कमध्ये सीबीएसच्या कचेरीत एडवर्ड मर्रो यांच्या हाती पडलं. त्यांनी ते आपले सहनिर्माते फ्रेड फ्रेंडली यांना दाखवलं, आणि जो वर्श्बा हा वार्ताहर व चार्ली मॅक हा कॅमेरामन डेक्स्टरला रवाना झाले.

मर्रो तेव्हा ४५ वर्षांचे होते आणि देशातल्या सर्वाधिक विश्वासार्ह आवाजांपैकी एक मानले जात. जन्म नॉर्थ कॅरोलायनातल्या एका क्वेकर शेतकऱ्याच्या लाकडी खोपट्यातला, १९०८ सालचा. पुढे कुटुंब देशाच्या दुसऱ्या टोकाला, वॉशिंग्टन राज्यात गेलं आणि पोरगा लाकूडतोड्यांच्या तळावर राबला. कॉलेजात आयडा लू अँडरसन नावाच्या बाईंनी त्यांना बोलायला शिकवलं. कुठे थांबायचं, हे शिकवलं. १९४० मध्ये लंडनवर जर्मन बॉम्ब पडत असताना रेडिओवरून ‘हे लंडन आहे’ असं सांगताना पहिल्या शब्दानंतर ते जो क्षणभर थांबत, ती सूचना याच बाईंची. युद्धातल्या या कीर्तीबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं आहे. मला मात्र त्याआधीची एक नोकरी जास्त महत्त्वाची वाटते. १९३३ पासून दोन वर्षं मर्रो एका समितीचे साहाय्यक चिटणीस होते. हिटलरने विद्यापीठांतून हाकललेल्या जर्मन प्राध्यापकांना अमेरिकेत आणून नोकऱ्या मिळवून देणं, हे तिचं काम. बापजाद्यांच्या नावावरून, संबंधांवरून माणूस कसा एका रात्रीत नोकरीतून उठवला जातो, हे त्यांनी पंचविशीतच अर्जांच्या गठ्ठ्यांमधून वाचलं होतं. १९४५ च्या एप्रिलमध्ये बुखेनवाल्डच्या छळछावणीत उभं राहून त्यांनी त्या वाटेचा शेवटही पाहिला. डेक्स्टरच्या बातमीत त्यांना काय दिसलं असेल, याचं उत्तर मला तिथे सापडतं.

दूरचित्रवाणी त्या काळी अगदीच नवी होती. १९५० साली अमेरिकेत दहापैकी जेमतेम एका घरात संच होता. १८ नोव्हेंबर १९५१ रोजी मर्रो आणि फ्रेंडली यांनी ‘सी इट नाऊ’ हा अर्ध्या तासाचा कार्यक्रम सुरू केला आणि पहिल्याच दिवशी अटलांटिक आणि पॅसिफिक हे दोन्ही महासागर एकाच वेळी प्रेक्षकांना थेट दाखवले. ती तंत्राची किमया होती. पण खरं नवेपण निराळंच होतं. तोवर दूरचित्रवाणीवरच्या बातम्या म्हणजे उद्घाटनं, परेड आणि सौंदर्यस्पर्धा यांची फिल्म आणि तिच्यावर वाचलेला मजकूर. या दोघांनी फिल्म आधी खेचायची आणि मजकूर नंतर लिहायचा, अशी पद्धत घातली. माणसाला बोलू द्यायचं. तो अडखळला, तर अडखळू द्यायचं. सरकारी धोरणाबद्दल तज्ज्ञाला विचारण्याआधी ते धोरण ज्याच्या अंगावर कोसळलं, त्याला विचारायचं.

डेक्स्टरहून आलेली फिल्म पाहिल्यावर दोघांनी ठरवलं की सगळा अर्धा तास एकट्या रादुलोविचला द्यायचा. प्रक्षेपणाच्या आधी हवाई दलाचे दोन बडे अधिकारी मर्रो यांना भेटून गेले. सीबीएसने कार्यक्रम थांबवला नाही, पण त्याची जाहिरातही केली नाही. तेव्हा मर्रो आणि फ्रेंडली यांनी स्वतःच्या खिशातून पंधराशे डॉलर काढले आणि ‘न्यूयॉर्क टाइम्स’मध्ये जाहिरात दिली. तिच्यावर कंपनीचं बोधचिन्ह नव्हतं, फक्त या दोघांची नावं होती. जगातल्या एका मोठ्या प्रसारण कंपनीचे दोन नामवंत पत्रकार आपल्याच कार्यक्रमाची जाहिरात पदरमोड करून देतात, यावरून त्या काळातली भीती किती खोल गेली होती, ते कळतं. राष्ट्राध्यक्ष ट्रुमन यांनी १९४७ मध्ये सरकारी नोकरांच्या निष्ठेची तपासणी सुरू केली होती, आणि १९५० पासून सिनेटर जोसेफ मॅकार्थी कथित कम्युनिस्टांच्या याद्यांचे कागद फडकावत देशभर फिरत होते.

२० ऑक्टोबर १९५३ च्या रात्री अमेरिकेने रादुलोविचला पाहिलं. शांत, सरळ, थोडा गोंधळलेला तरुण. त्याचे वडील दिसले. मोटारीच्या कारखान्यात राबलेले, मोडक्या इंग्रजीत राष्ट्राध्यक्षांना पत्र लिहून मुलासाठी न्याय मागणारे. गावातले शेजारी, माजी सैनिक बोलले. तरुणाने विचारलं, की आज मला नातेवाइकांवरून जोखत असाल, तर उद्या माझ्या मुलांना माझ्याशी नातं तोडायला सांगणार का? शेवटी मर्रो यांनी स्वतःचं मत मांडलं. बापाच्या अपराधाचा ठपका मुलावर येऊ शकत नाही, मग तो अपराध सिद्ध झालेला असला तरीही. आणि इथे तर तो सिद्धही झालेला नाही. निवेदकाने असं मत देणं कंपनीच्या नियमात बसत नव्हतं.

पाच आठवड्यांनी, २४ नोव्हेंबरला, हवाई दलाचे सचिव हॅरल्ड टॅल्बट याच कार्यक्रमात आले आणि रादुलोविचला सेवेत कायम ठेवत असल्याचं त्यांनी जाहीर केलं. त्याच रात्रीच्या दुसऱ्या भागात इंडियानापोलिस शहरातला एक वाद होता. नागरी स्वातंत्र्यासाठी काम करणाऱ्या संघटनेला सभेसाठी कोणी सभागृह देईना, कारण माजी सैनिकांच्या ‘अमेरिकन लीजन’चा तिला विरोध होता. शेवटी एका कॅथलिक धर्मगुरूने आपल्या चर्चचं दार उघडलं. त्याच संध्याकाळी विरोधकांचीही सभा भरली. मर्रो यांच्या चमूने दोन्हीकडे कॅमेरे लावले आणि दोन सभांतली वाक्यं आळीपाळीने, एकमेकांना उत्तर दिल्यासारखी जोडली. समोरासमोर बसवून भांडणं लावून देण्याची गरजच पडली नाही. आजच्या आठ चौकटींतल्या गदारोळाला ‘चर्चा’ म्हणणाऱ्या प्रत्येकाने तो भाग एकदा पाहावा, असं मला मनापासून वाटतं.

पुढचा अध्याय सगळ्यांना ठाऊक आहे, म्हणून तो मी थोडक्यात सांगते. ९ मार्च १९५४ रोजी ‘सी इट नाऊ’ने मॅकार्थींवर अर्धा तास दिला. बहुतेक फिल्म मॅकार्थींचीच होती. त्यांची भाषणं, त्यांची साक्षीदारांवरची अरेरावी, त्यांचं हसणं. ६ एप्रिलला मॅकार्थींनी उत्तर दिलं, त्यात मर्रो यांनाच कम्युनिस्टांचा हस्तक ठरवलं, आणि त्यामुळे ते आणखीच उघडे पडले. मग लष्कर विरुद्ध मॅकार्थी ही सुनावणी थेट प्रक्षेपित झाली आणि २ डिसेंबरला सिनेटने ६७ विरुद्ध २२ मतांनी त्यांचा निषेध केला. एका कार्यक्रमाने मॅकार्थींना खाली खेचलं, ही दंतकथा आहे आणि ती मर्रो यांनीही कधी मिरवली नाही. सिनेटर मार्गारेट चेस स्मिथ १९५० मध्येच बोलल्या होत्या. व्यंगचित्रकार आणि स्तंभलेखक वर्षानुवर्षं झुंजत होते.

मला जास्त मोलाचा वाटतो तो एका आठवड्यानंतरचा, १६ मार्चचा भाग. त्यात ॲनी ली मॉस होत्या. या कृष्णवर्णीय बाई आधी सरकारी उपाहारगृहात काम करत आणि आता पेंटागॉनमध्ये तारायंत्रावर संदेश पाठवण्याच्या विभागात कारकून होत्या. त्या कम्युनिस्ट पक्षाच्या सदस्य असल्याचा आरोप मॅकार्थींच्या समितीने ठेवला. थोड्या वेळाने मॅकार्थी दुसरं काम असल्याचं सांगून उठून गेले. कॅमेरा त्यांच्या रिकाम्या खुर्चीवर गेला आणि पुन्हा पुन्हा जात राहिला. त्यांचे वकील रॉय कोन सांगत होते, की पुरावा आहे, पण तो गुप्त आहे. कार्ल मार्क्सचं नाव निघालं, तेव्हा बाईंनी विचारलं, हा कोण? सिनेटर जॉन मॅक्लेलन यांचा संयम सुटला. ऐकीव गोष्टींवर, कुजबुजीवर माणसाला दोषी ठरवायचं, हे आपल्याला मान्य नाही, असं ते म्हणाले आणि सभागृहात टाळ्या पडल्या. मर्रो जवळजवळ काहीच बोलले नाहीत.

या गोष्टीला पुढे एक वळण आहे आणि ते लपवून चालणार नाही. काही वर्षांनी एका सरकारी मंडळाने नोंदवलं, की पक्षाच्या जुन्या कागदपत्रांत याच नावाची आणि याच पत्त्याची सदस्य आढळते. त्यावर आजही वाद आहे. पण मर्रो यांनी त्या रात्री बाई निर्दोष आहेत, असं म्हटलंच नव्हतं. आरोप करणाऱ्याने समोर यावं, पुरावा दाखवावा, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. डेक्स्टरचं पाकीट आणि कोन यांचा गुप्त पुरावा, दोन्ही एकच वस्तू होत्या. माणूस निर्दोष निघाला तरच ही मागणी खरी, असं नसतं.

मर्रो यांच्याही हातून चूक झाली होती. १९५० च्या अखेरीस सीबीएसने आपल्या नोकरांकडून निष्ठेचं लेखी प्रतिज्ञापत्र घेतलं, त्यावर त्यांनी सही केली. त्यांनी नकार दिला असता, तर अनेकांना बळ मिळालं असतं. रादुलोविचच्या पाठीशी ते उभे राहिले, ते या सहीनंतर जवळजवळ तीन वर्षांनी. मला त्या उशिराचं दुःख होतं, आणि तरी ते उभे राहिले याचा आदर कमी होत नाही.

१९५४-५५ हे त्यांच्या कामाचं सर्वात भरघोस वर्ष. १७ मे १९५४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने शाळांतलं वर्णभेदी विभाजन घटनाबाह्य ठरवलं, आणि आठवडाभरात त्यांचा कॅमेरा दक्षिणेतल्या दोन शहरांत पोचला होता. निकालावर दिल्ली-मुंबईत, म्हणजे त्यांच्या बाबतीत वॉशिंग्टन-न्यूयॉर्कमध्ये, काय वाटतं हे न विचारता ज्यांची मुलं उद्या एकाच बाकावर बसणार, त्या गोऱ्या आणि काळ्या आईबापांना विचारलं. १२ एप्रिल १९५५ रोजी पोलिओची लस यशस्वी झाल्याचं जाहीर झालं, त्याच दिवशी मर्रो यांनी डॉ. जोनास साल्क यांना विचारलं, की या लसीचं पेटंट कोणाकडे आहे? साल्क म्हणाले, लोकांकडे. पेटंट नाहीच, सूर्याचं पेटंट घेता येतं का? औषधांच्या किमतींवर आजही जगभर वाद होतो, तेव्हा हे उत्तर निघतंच. विचारणाऱ्याचं नाव मात्र बहुतेक विसरतात. त्याच वर्षी मे-जूनमध्ये दोन भाग सिगारेट आणि फुप्फुसाचा कर्करोग यांवर केले. एरवी कॅमेऱ्यासमोर मर्रो यांच्या हाती नेहमी पेटती सिगारेट असे.

आणि नेमकी याच सुमारास पायाखालची जमीन सरकू लागली. जून १९५५ मध्ये ‘सी इट नाऊ’च्या आधीच्या वेळेत ६४,००० डॉलर बक्षिसाचा प्रश्नमंजुषेचा कार्यक्रम सुरू झाला आणि देश त्याच्यापुढे खिळून बसला. शेजारच्या अर्ध्या तासाची किंमत एकदम वाढली. ॲल्युमिनियम बनवणारी अल्कोआ ही कंपनी जवळजवळ सुरुवातीपासून मर्रो यांची प्रायोजक होती. ती बाहेर पडली. साप्ताहिक कार्यक्रम अधूनमधून होऊ लागला आणि १९५८ च्या उन्हाळ्यात बंद पडला. सीबीएसचे प्रमुख विल्यम पेली यांनी मॅकार्थी प्रकरणात मर्रो यांना पाठिंबा दिला होता. आता मात्र ते म्हणाले, दर वेळी असा पोटात गोळा आलेला मला सहन होत नाही. फ्रेंडली यांनी हे पुढे लिहून ठेवलं आहे. मला यात कुणी एकच खलनायक दिसत नाही. ज्या यंत्राचा धनी जाहिरातदार असतो, त्या यंत्रात एका शूर माणसाला किती काळ जागा मिळते, याचा हा हिशेब आहे.

त्या ऑक्टोबरमध्ये शिकागोला प्रसारण क्षेत्रातल्या संपादकांसमोर मर्रो यांनी हे तोंडावर सांगितलं. हे साधन शिकवू शकतं, उजळू शकतं. पण वापरणाऱ्यांचा तसा निश्चय नसेल, तर ते तारा आणि दिवे भरलेलं खोकं आहे, असा त्या भाषणाचा गाभा. त्याच आठवड्यात त्यांचा ‘स्मॉल वर्ल्ड’ हा नवा कार्यक्रम सुरू झाला. पहिल्या भागात दिल्लीहून पंडित नेहरू, इटलीहून लेखक आल्डस हक्सली आणि अमेरिकेतून राजकारणी थॉमस ड्यूई टेलिफोनच्या तारेवर एकमेकांशी बोलले. प्रत्येकाच्या समोर वेगळा कॅमेरा होता, आणि फिल्म विमानाने न्यूयॉर्कला नेऊन जोडली गेली. पण मर्रो यांचं मन उठलं होतं. वर्षभराची रजा घेऊन ते निघून गेले.

परतल्यावर त्यांनी जे केलं, ते माझ्या मते त्यांचं सर्वात मोठं काम.

२४ नोव्हेंबर १९६० रोजी अमेरिकेत ‘थँक्सगिव्हिंग’ होता. सुगीचा सण; घरोघरी भरल्या ताटांवर बसून देवाचे आभार मानण्याचा. दुसऱ्या रात्री, उरलेलं अन्न अजून घरात असताना, ‘हार्वेस्ट ऑफ शेम’ हा तासाभराचा माहितीपट दाखवला गेला. निर्माते डेव्हिड लो कित्येक महिने शेतमजुरांच्या तांड्यांमागे फिरले होते. सुरुवात फ्लोरिडातल्या बेल ग्लेडच्या मजूरबाजाराची. पहाटेच्या अंधारात शेकडो माणसं उभी, ट्रकवरून दर पुकारले जातात, आणि ज्याला जो दर पटेल त्या ट्रकवर तो चढतो. आपल्याकडे ऊसतोडीच्या टोळीत जो मुकादम असतो, तसाच तिथेही एक असतो. उचल, हिशेब, गाडी सगळं त्याच्या हाती. मग तांडा पिकामागोमाग उत्तरेकडे सरकतो. एक बागायतदार म्हणाल्याचं निवेदनात येतं, की पूर्वी आम्ही गुलाम विकत घ्यायचो, आता भाड्याने घेतो.

एक आई सकाळी सहापासून दुपारी चारपर्यंत घेवड्याच्या शेंगा तोडते. दिवसाची कमाई किती, असं लो विचारतात. ती सांगते, एक डॉलर. एक नऊ वर्षांचा मुलगा दिवसभर धाकट्या बहिणींना सांभाळतो, कारण पाळणाघर परवडत नाही. त्याचा पाय खिळ्याने जखमी झाला आहे आणि गादीला पडलेलं भोक उंदरांनी पाडलं आहे. हे सगळं तो तक्रारीचा सूर न लावता सांगतो, आणि ते ऐकवत नाही.

एवढ्यावर थांबले असते, तर तो करुणेचा कार्यक्रम झाला असता. मर्रो आणि लो कायद्याकडे वळले. अमेरिकेत कामगारांना संघटनेचा हक्क देणारा कायदा १९३५ चा, किमान वेतनाचा १९३८ चा. दोन्हींतून शेतमजूर वगळलेले. का, तर शेतीचे हितसंबंध जपणाऱ्या खासदारांची मतं मिळावीत म्हणून. तेव्हाचे कामगारमंत्री जेम्स मिचेल कॅमेऱ्यासमोर म्हणाले, की ही स्थिती पाहून मला शरम वाटते. शेतकऱ्यांच्या बलाढ्य संघटनेचे अध्यक्ष चार्ल्स शुमन यांनी आपली बाजू मांडली आणि तीही पुरती ऐकवली गेली. स्थलांतरित पक्ष्यांसाठी सरकारकडे पैसा आहे आणि स्थलांतरित मजुरांच्या मुलांच्या शाळेसाठी नाही, हे मर्रो यांनी आकडे देऊन सांगितलं. शेवटी ते म्हणाले, की पिकं तोडणाऱ्या या माणसांत कायदे बदलून घेण्याची ताकद नाही. ती कदाचित आपल्यात आहे.

बागायतदार खवळले. १९६२ मध्ये स्थलांतरित मजुरांच्या आरोग्यसेवेचा कायदा झाला आणि १९६६ मध्ये किमान वेतनाचं संरक्षण काही शेतमजुरांपर्यंत पोचलं. त्यामागे मजुरांच्या आणि धर्मसंस्थांच्या अनेक वर्षांच्या चळवळी होत्या. माहितीपटाला त्यातला आपला वाटा आहे, सगळं श्रेय नाही. मर्रो यांना पुढचं फारसं पाहता आलं नाही. १९६३ मध्ये त्यांचं एक फुप्फुस काढावं लागलं आणि २७ एप्रिल १९६५ रोजी, सत्तावन्नावा वाढदिवस होऊन दोनच दिवस झालेले असताना, ते गेले.

माहितीपटाची गोष्ट मात्र १९६१ च्या मार्चपाशी एकदा थांबून सांगावी लागते. राष्ट्राध्यक्ष केनेडींनी मर्रो यांना सरकारच्या माहिती संस्थेचं प्रमुखपद दिलं होतं. अमेरिकेची बाजू जगापुढे मांडणं, हे आता त्यांचं काम. तेवढ्यात बीबीसीने ‘हार्वेस्ट ऑफ शेम’ ब्रिटनमध्ये दाखवायचं ठरवलं. मर्रो यांनी लंडनला बीबीसीचे प्रमुख ह्यू कार्लटन ग्रीन या जुन्या मित्राला फोन केला आणि तो दाखवू नये, अशी विनंती केली. बातमी फुटली. मायदेशात टीका झाली. आपण मूर्खपणा केला, हे त्यांनी पुढे कबूल केलं.

ग्रीन यांनी नकार दिला. ठरल्या दिवशी ब्रिटनमधल्या घराघरांत बेल ग्लेडचा तो पहाटेचा बाजार भरला, ती आई शेंगा तोडताना दिसली, आणि तिच्याबद्दल सांगणारा आवाज एडवर्ड मर्रो यांचाच होता.